गुणांची इनामदारी

इनामे खालसा होऊन कैक वर्षे लोटली, तरी ती प्रथा आपल्या मध्यमवर्गीय घरांतून अद्याप निर्वेध चालू आहे. भेद इतकाच, की पूर्वी इनाम पराक्रमानंतर मिळे आणि आता त्याचा करारमदार परीक्षेपूर्वीच होतो. नव्वद टक्क्यांस सायकल, पंचाण्णवांस मोबाईल आणि गणितात पैकीच्या पैकी पडल्यास महाबळेश्वरची सहल, असे दरपत्रक तीर्थरूपांनी जाहीर करावे आणि चिरंजीवांनी, मोबाईल कोणत्या कंपनीचा हे आधी ठरल्यावाचून पुस्तकास हात न लावावा, हा आता शिष्टसंमत परिपाठ होय.

हा प्रयोग अमेरिकेत रोखीने झालेला आहे. रोलंड फ्रायर या अर्थशास्त्रज्ञाने २००७ च्या सुमारास न्यूयॉर्कमधील चौथीच्या मुलांस दर चाचणीमागे २५ डॉलरपर्यंत आणि सातवीच्या मुलांस ५० डॉलरपर्यंत बक्षीस देवविले. खजिना रिता झाला, गुण मात्र जागचे हलले नाहीत. अधिक पैसे मिळवण्यास काय कराल, असे पुसता मुलांनी प्रश्न नीट वाचू, उत्तरे पुन्हा तपासू, असे सांगितले; अधिक अभ्यास करू किंवा गुरुजींस शंका विचारू, हे फारसे कोणास सुचले नाही.

तात्पर्य, लालूच दाखवल्याने विद्या येवो न येवो, घासाघीस निश्चित येते; आणि ज्या घरी सहावीतील चिरंजीव प्रगतिपुस्तक पुढे करण्यापूर्वी महागाईभत्त्याची मागणी रीतसर गुदरतात, तेथे अर्थशास्त्र या विषयात त्यांस विशेष प्रावीण्य बहाल करण्यास कोणाचीही हरकत नसावी.