भिवंडीत बसून बालपणाचे एपिसोड कसे पाडावेत

प्रथम पुस्तक निवडावे. प्रकाश नारायण संतांचे 'वनवास' उत्तम. ते विकत आणावे, मुखपृष्ठाचा फोटो निर्मात्याला व्हॉट्सअ‍ॅप करावा आणि पुस्तक कपाटात ठेवून द्यावे. वाचलेत तर फसाल. बेळगावकडे आजी-आजोबांपाशी राहणारा लंपन नुसता बघतो, ऐकतो, मनातल्या मनात कुढतो आणि उठसूट कशालाही 'मॅड' म्हणतो. यात महाएपिसोडला काय दाखवणार?

म्हणून एक मामी घालावी. पुस्तकात आहे की नाही, हे बघत बसू नये. तिने पडद्याआड उभे राहून ऐकावे आणि पोराच्या दुधात काहीतरी कालवावे. कोणी हुज्जत घालील की, 2024 मध्ये निपुण धर्माधिकारींनी सोनी लिव्हवर 'लंपन' आणला तो आजी-आजोबा आणि एक पोर एवढ्याच भांडवलावर. किंवा म्हणेल, अत्र्यांच्या 'श्यामची आई'ला पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले ते कुठल्या मामीमुळे? अशा माणसाला चहा पाजून वाटेला लावावे.

बेळगावला युनिट नेणे परवडत नाही. आपला तालुका आहेच. वज्रेश्वरीच्या रस्त्याला भातखाचरे आहेत, शोधले तर कौलारू घरही मिळेल. कॅमेरा डावीकडे वळवू नये, तिथे गोदाम आहे. उजवीकडेही नको, तिथे दुसरे. शहराजवळ शूटिंग लावलेत तर यंत्रमागांचा खडखडाट आवाजात शिरतो. त्यावर बासरी चढवावी. गाव म्हटले की बासरी लागतेच.

भाषेचे मात्र मनावर घ्यावे. लंपनच्या कानावर कानडी पडत असते, तुम्ही निवडलेला पोरगा घरी झकास आगरी बोलतो. दोन्ही पुसून टाकाव्यात. मग प्रमाण मराठीला 'व्हय' आणि 'न्हाय'ची फोडणी दिली की कुठल्याच गावची नसलेली, पण सगळ्या वाहिन्यांना पसंत पडणारी बोली तयार होते.

आता एक गोष्ट गंभीरपणे. पोराला कॅमेऱ्यासमोर उभे करायचे तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला 5 तासांहून जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग 3 तासांहून जास्त नाही, सलग 27 दिवसांहून जास्त नाही. शिवाय कमाईतले किमान 20 टक्के त्याच्या नावे मुदत ठेवीत टाकावे लागतात. आपल्याकडे भातलावणी जुलैत होते. ती हवी असेल तर ठाण्याला अर्ज मेमध्येच टाका.