पोळीतून सान लुका

मला पोळ्या येत नाहीत. हे वाक्य मी आजवर दोनदाच उच्चारलं आहे. एकदा लग्न ठरताना, तेव्हा सासूबाईंना तो माझा विनय वाटला. आणि दुसऱ्यांदा आत्ता. मधल्या तीस वर्षांत आमच्या डोंबिवलीच्या घरात ज्या काही पोळ्या झाल्या, त्या मावशींनी केल्या. सध्याच्या मावशी चौथ्या, आणि चौदा वर्षं टिकलेल्या. त्या गावी गेल्या की आम्ही भात खातो. जास्त दिवस राहिल्या की पोळीभाजी केंद्र.

अशा बाईचं नाव तिच्या पोटच्या पोरीने इटलीतल्या पास्ता लाटण्याच्या वर्गात घालावं, यामागे प्रेम होतं की सूड, ते मला अजून कळलेलं नाही. लेक म्युनिकला असते. आमच्या लग्नाला तीस वर्षं झाली म्हणून तिने ही भेट दिली. “तुम्हाला दोघांना एकत्र काहीतरी करायला मिळेल,” असं म्हणाली. आम्ही तीस वर्षं एकत्र पालेभाजी निवडतोय, ते तिच्या हिशेबात धरलेलं नसावं.

वर्ग बोलोन्याला होता. बोलोन्याबद्दल थोडक्यात सांगते, कारण मी ते थोडक्यातच पाहिलं. गावभर कमानींच्या ओसऱ्या आहेत, त्यांना २०२१ साली युनेस्कोने जागतिक वारसा ठरवलं. पाऊस पडला तरी छत्री लागत नाही, हे मला वारशापेक्षा जास्त आवडलं. १०८८ सालचं मानलं जाणारं विद्यापीठ आहे. मधोमध दोन बुरूज आहेत. त्यातला बुटका, गारिसेन्दा, इतका कललाय की २०२३ च्या ऑक्टोबरपासून त्याच्याभोवती कुंपण घातलंय आणि शेजारचा उंच असिनेल्लीही बंद ठेवलाय. असिनेल्लीला ४९८ पायऱ्या आहेत. “बंद आहे,” ही पाटी वाचताना नवऱ्याचा चेहरा मी पाहिला. लग्नात अंतरपाट दूर झाला तेव्हासुद्धा तो इतका उजळला नव्हता.

वर्ग एका जुन्या इमारतीच्या तळमजल्यावर होता. आम्ही आठजण: एक अमेरिकन जोडपं, दोन डॅनिश बहिणी, नवं लग्न झालेले दोघं कोरियन, आणि आम्ही. शिकवणाऱ्या बाई सत्तरीच्या पुढच्या, ठेंगण्या, कोपरापर्यंत बाह्या सारलेल्या. त्यांच्या कामाला तिकडे ‘स्फोलीना’ म्हणतात. ‘स्फोल्या’ म्हणजे हाताने लाटलेली पातळ पोळी, आणि ती लाटणारी ती स्फोलीना. थोडक्यात, मावशी. बाईंना इंग्रजी येत नव्हतं. एक तरुण मुलगी सगळं इंग्रजीत सांगत होती.

सगळ्यांना गाव विचारलं गेलं. अमेरिकनाने ओळख करून देतानाच सांगून टाकलं, की त्याला स्पगेटी बोलोन्येझे शिकायचं आहे. खोलीत कुणीतरी गेल्याची शांतता पसरली. बोलोन्यात रागू, म्हणजे खिम्याचा रस्सा, ताल्यातेल्लेवर, म्हणजे पास्त्याच्या चपट्या पट्ट्यांवर घालतात. तो स्पगेटीवर घालणं म्हणजे श्रीखंड भाकरीशी खाण्यासारखं. मला बरं वाटलं. आता वर्गातला सगळ्यात मूर्ख माणूस ठरला होता, मी निवांत झाले.

तेवढ्यात आमची पाळी आली. “इंडिया!” बाईंनी हात जोडले. “चापाती!”

मुलगी म्हणाली, “बाई विचारतायत, तुम्ही रोज घरी लाटता का?”

मी तोंड उघडलं होतं, देवाशपथ उघडलं होतं. पण नवरा म्हणाला, “येस, एव्हरी डे.”

नंतर कमानीखाली भांडण झालं तेव्हा त्याने बचाव केला, की घरी रोज पोळ्या होतात हे काही खोटं नाही. ‘पोळ्या होतात.’ ह्या दोन शब्दांवर मराठी पुरुषांच्या पिढ्यान्पिढ्या जेवल्या आहेत. पाऊस पडतो, सूर्य उगवतो, पोळ्या होतात.

बाईंनी मला पुढे बोलावलं. सगळ्यांना दिसेल अशा मधल्या लाकडी पाटावर माझी स्थापना झाली. आता प्रश्न माझा राहिला नव्हता, देशाचा झाला होता.

पीठ होतं ‘शून्य-शून्य’ नावाचं, म्हणजे नावातच माझे गुण लिहिलेले. मऊ गव्हाचं, अगदी बारीक दळलेलं, आपल्या मैद्याच्या जातीचं. प्रमाण सोपं: शंभर ग्रॅमला एक अंडं. (नवरा डोंबिवलीत शाकाहारी आणि विमान उडाल्यावर अंडाहारी आहे.) पिठाचा ढीग करायचा, मधे आळं करायचं, त्यात अंडी फोडायची, आणि काट्याने फेटत फेटत कडेचं पीठ आत ओढायचं. मी मीठ मागितलं. नाही. मोहनाला तेल? नाही. निदान पाणी? बाईंनी छातीवर हात ठेवला. म्हणजे पाणी नाही, मीठ नाही, तेल नाही. आता सगळी भिस्त माझ्यावर.

आळं फुटलं. अंड्याचा केशरी ओघळ पाटावरून निघाला तो सरळ डॅनिश बहिणींच्या दिशेने. मी दोन्ही हात आडवे घातले, एक बहीण किंचाळली, दुसरी हसली. नवरा महापालिकेच्या पाणीपुरवठा खात्यात अभियंता होता. त्याने स्वतःचं काम थांबवून पाहणी केली आणि सांगितलं, “अगं, डावीकडे भिंत पातळ ठेवलीस.” त्याचं आळं भक्कम होतं. वर थोडी मोकळी उंचीही राखलेली होती.

मग मळणं. तळहाताच्या टाचेने ढकलायचं, दुमडायचं, फिरवायचं, पुन्हा ढकलायचं, दहा-पंधरा मिनिटं. पाणी नसल्यामुळे ते पीठ रबरासारखं उलटून येतं. शेवटी कसाबसा गोळा झाला. बाईंनी तो बोटाने दाबला, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा दाबला आणि त्याच्यावर वाडगा पालथा घातला. अर्धा तास विश्रांती. पिठाला.

ह्या अर्ध्या तासात नवऱ्याला आयुष्याचं सार्थक झाल्यासारखं वाटलं. मुलीने सांगितलं, की बोलोन्याच्या चेंबर ऑफ कॉमर्समध्ये १६ एप्रिल १९७२ रोजी ताल्यातेल्लेची रुंदी रीतसर नोंदवलेली आहे: शिजल्यावर ८ मिलिमीटर. त्या मापाची सोन्याची एक पट्टीही तिथे काचेत ठेवली आहे. आणि हे ८ मिलिमीटर म्हणजे असिनेल्ली बुरुजाच्या उंचीचा १२,२७० वा भाग, असं तिथले लोक सांगतात. नवऱ्याने मोबाइल काढला. बुरूज ९७.२ मीटर. भागाकार केला. “७.९२ येतात,” तो मुलीला म्हणाला. “आठशतांश मिलिमीटर कमी पडतात.” मुलीने हे बाईंना सांगितलं. बाईंनी नवऱ्याकडे, सासूने जावयाकडे पाहावं तसं पाहिलं. त्या क्षणापासून तो त्यांचा लाडका.

आता लाटणं. त्याला ‘मात्तारेल्लो’ म्हणतात आणि ते हातभर नव्हे, जवळजवळ दोन हात लांब असतं. आपलं लाटणं त्याच्या नातवंडांत जमा. पोळी मधून बाहेर लाटायची, पाव वळसा फिरवायची, पुन्हा लाटायची. मोठी झाली की लाटण्यावर गुंडाळून तळहात मधून कडेला सारत ताणायची. आणि शेवटी शेवटी पोळीची कड पाटाबाहेर लोंबू द्यायची आणि पोटाने पाटाशी दाबून धरायची, म्हणजे पुढचा भाग ताणता येतो. हे ऐकून मला पहिल्यांदाच आशा वाटली. पोट माझ्याकडे होतं.

बोलोन्याच्या जुन्या बायका म्हणतात, की स्फोल्या अशी पातळ हवी, की खिडकीशी धरली तर तिच्यातून टेकडीवरचं सान लुकाचं देऊळ दिसावं. मी लाटत गेले. खरंच, मोठी होत गेली. गोल नव्हती, पण मोठी होती. वर्ग पाहत होता. मी पोट लावलं, पुढे वाकले, दोन्ही हात लांब ताणले, आणि मंगळसूत्र खाली आलं.

दोन वाट्या बरोबर पोळीच्या मध्यावर टेकल्या. मला कळलं नाही. मी लाटणं फिरवलं. लाटण्याने मंगळसूत्र गिळलं, पोत काळ्या मण्यांसकट पिठात गेली, मी घाबरून उभी राहिले आणि माझ्याबरोबर पोळीही उभी राहिली. पोटाशी चिकटलेला भाग खाली, गळ्याशी अडकलेला भाग वर, आणि मधे, वाट्यांच्या जागी, हातभर फाट. कोरियन मुलीने तोंडावर हात ठेवला. तिचा नवरा व्हिडिओ घेत होता.

त्या भोकातून सान लुका दिसलं नाही. नवरा दिसला. तो माझ्याकडे पाहत नव्हता. तो त्याची पोळी बाईंना दाखवत होता.

ती गोल होती. नुसती गोल नाही, पातळ, सगळीकडे सारखी, उजेडाकडे धरली तर त्याची बोटं दिसत होती. बाईंनी त्याच्या गालाला पिठाचा हात लावला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, गळ्यात पोळी अडकवून. आणि मग मला राग आला. पोळी फाटल्याचा नाही. ह्या माणसाला लाटता येतं. पहिल्या झटक्यात. तीस वर्षं ह्याने चहाच्या आधणापलीकडे गॅसवर काही ठेवलं नाही, मला पोळ्या येत नाहीत म्हणून सासूबाई बोलल्या तेव्हा वर्तमानपत्रातून डोकं वर काढलं नाही, आणि ह्याला लाटता येतं!

“अहो, हे आधी का नाही सांगितलंत?”

“कुणी विचारलंच नाही,” तो म्हणाला. प्रामाणिकपणे म्हणाला, ह्याचाच जास्त राग आला.

मुलगी हळूच माझ्याजवळ आली. “बाई विचारतायत, चापाती फार वेगळ्या पद्धतीने करतात का?”

“हो,” मी म्हणाले. “आमच्याकडे फारच वेगळ्या पद्धतीने करतात.”

बाई स्वतः आल्या. माझ्या मंगळसूत्रातून, एकेक मण्यामधून, नखाने पीठ काढत बसल्या. बोलत काहीच नव्हत्या. निघालेला तुकडा त्यांनी टाकला नाही. अंगठा आणि बोटाच्या मधे सहज वळला, पाटावर ठेवला. दुसरा वळला. मी त्यांच्या अंगठ्याकडे बघत राहिले. माझ्या लग्नाआधीच्या उन्हाळ्यात आई आणि तिच्या जावा दुपारभर बसून वळवट करत होत्या: गव्हले, मालत्या, नखुले, शंखोळ्या. गप्पा एकीकडे, नजर दारावर आणि अंगठा आपोआप चाललेला. गव्हाच्या दाण्याएवढा एकेक गव्हला. मी तेव्हा म्हणाले होते, दुकानात शेवया मिळतात की. आईने उत्तर दिलं नाही, वळत राहिली. रुखवतातली ती बरणी अजून माझ्या कपाटात आहे. तळाशी मूठभर उरलेत. आईला जाऊन नऊ वर्षं झाली. मी झाकण उघडत नाही. एक म्हणजे खीर करायचा धीर होत नाही, आणि दुसरं म्हणजे आत किडे झाले असले तर ते मला बघायचे नाहीत.

बाईंनी मंगळसूत्र पुसून माझ्या हातात दिलं. मग माझी फाटकी पोळी पाटावर पसरली, सुरी घेतली आणि तिरप्या रेघा मारून शंकरपाळ्यासारखे तुकडे पाडले. लहान, मोठे, वाकडे, कसेही.

“मालताल्याती,” त्या म्हणाल्या. मुलीने अर्थ सांगितला: ‘वाईट कापलेले’. ताल्यातेल्ले कापून उरलेल्या कडांचे असे तुकडे करतात आणि घेवड्याच्या सुपात शिजवतात. गरिबाघरचं जेवण. तिकडे त्याला आता हॉटेलांतही मान आहे.

“चकोल्या!” मी ओरडले. “अहो, ह्या चकोल्या आहेत! वरणफळं!”

नवऱ्याने वाकून पाहिलं. “हो की,” तो म्हणाला. “आठ मिलिमीटर मात्र नाहीत.”

जेवायला त्याचे ताल्यातेल्ले लोणी आणि सेजची पानं घालून सगळ्यांना वाढले. माझ्या मालताल्यातीची पुडी बांधून दिली. बोलोन्याहून म्युनिकपर्यंत गाडीत ती माझ्या मांडीवर होती. लेकीच्या स्वयंपाकघरात मी तुरीच्या डाळीची आमटी केली, त्यात त्या सोडल्या, वरून तूप. तिघांनी न बोलता खाल्ल्या. हा भाग मात्र मला जमला, याची नोंद कुठल्याही चेंबरने घ्यायला हरकत नाही.

डोंबिवलीला परतल्यावर सोमवारी सकाळी मावशींना व्हिडिओ दाखवला. कोरियन मुलाने तो प्रेमाने पाठवला होता. मावशींनी पोळी लाटता लाटताच एका डोळ्याने पाहिला. नवऱ्याच्या पोळीशी थांबल्या. “साहेबांचा हात बरा आहे,” त्या म्हणाल्या. मग माझी पोळी उभी राहिली. मावशींनी लाटणं खाली ठेवलं. चौदा वर्षांत त्यांना मी इतकं हसताना पाहिलं नव्हतं.

“ताई, किती घेतले हो ह्याचे?”

मी आकडा सांगितला. खरं म्हणजे निम्मा सांगितला. तरी मावशींचं हसू थांबलं. त्या आठ पोळ्या होईपर्यंत काहीच बोलल्या नाहीत. मग हात धुताना म्हणाल्या, “त्या बाईला विचारून बघा, हाताखाली कुणी लागतंय का.”

मी अजून विचारलेलं नाही. नवऱ्याला स्फोल्या येते. घडीच्या पोळीला पदर सुटावे लागतात आणि ती तव्यावर फुगावी लागते, आणि त्याचं माप कुठेच नोंदवलेलं नसल्यामुळे त्याचं काही चालत नाही. मावशी बोलोन्याला गेल्या, तर आमच्या घरी रोज भात होईल.