ताबा आहे, नोंद नाही

ज्यांच्या संगणकावर गेम आहे, पण लाँचरच्या मते तो नाही, अशा गृहस्थांसाठी ही मार्गदर्शिका आहे. ज्यांचा गेम खरोखरच नाही, त्यांनी 'इन्स्टॉल' हे निळं बटण दाबावं आणि सुखाने झोपावं. इतरांनी त्या बटणापासून हात दूर ठेवावा. निदान पुढचं वाचून होईपर्यंत तरी.

आधी एक गोष्ट पक्की करून घ्यावी: गेम जागेवर आहे का? फाइल एक्सप्लोरर उघडावा, गेमच्या फोल्डरवर माऊसचं उजवं बटण दाबावं, प्रॉपर्टीज बघाव्यात. आकडा शंभर जीबीच्या आसपास दिसला तर गेम आहे. आकडा चाळीस केबी असेल तर तो गेम नव्हे, गेमची आठवण आहे. तिला लाँचरने ओळखलं नाही यात त्याची चूक नाही.

आमच्या घरी आकडा ११८ जीबी होता.

मे महिन्यात भाचा राहायला आला होता. संगणक रडतखडत चालायचा, म्हणून मी तो गल्लीतल्या दुरुस्तीवाल्याकडे नेला. त्याने विचारलं, "विंडोज नवीन टाकतो. सी ड्राइव्हवर काही महत्त्वाचं आहे का?" मी म्हणालो, "छे हो, सगळं डीवर आहे." हे वाक्य वाचकांनी लक्षात ठेवावं. मी ठेवलं नव्हतं.

संगणक घरी आला, लाँचर नव्याने टाकला, आणि पाच मिनिटांत आतल्या खोलीतून हाक आली.

"मामा, गेम गेला."

"जाईल कुठे? डीवर आहे."

"लाँचर म्हणतो नाही."

"अरे, पण मला दिसतोय इथे!"

"मला पण दिसतोय. त्याला दिसत नाहीये."

मी फोल्डरात शिरून गेमच्या मूळ फाइलवर दोनदा टिचकी मारली. वाटलं होतं, मधला दलाल टाळून थेट मालाला हात घालू. गेम उघडला नाही. लाँचर उघडला, आणि हा गेम इन्स्टॉल केलेला नाही असं त्याने मला सांगितलं. किल्ली माझी, कुलूप माझं, आणि दारातला वॉचमन म्हणतोय की या नावाचं कोणी इथे राहत नाही.

बहुतेक मंडळी इथेच हाय खातात आणि निळं बटण दाबतात. त्यांच्यासाठी हिशोब मांडून ठेवतो. ११८ जीबी, ५० एमबीपीएसची लाइन, मध्ये काहीही बिघडलं नाही तर सव्वापाच तास. 'मध्ये काहीही बिघडलं नाही तर' हे कलम आमच्या भागात लागू नाही.

आता लाँचर असं का वागतो ते समजून घ्यावं. ज्याने कधी जमिनीची नोंद करून घेतली आहे, त्याला हे लगेच कळेल. लाँचर म्हणजे तलाठी. (हल्ली ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, पण गाव तलाठीच म्हणतं.) तुम्ही शेतात उभे आहात, पायाला चिखल लागलाय, विहीर तुमच्या आजोबांनी खणलेली आहे, या सगळ्याला कचेरीत किंमत नाही. सातबाऱ्यावर नाव आहे का, एवढंच विचारतात. लाँचरही डिस्कवर जाऊन गेम शोधत बसत नाही. तो आपलं दप्तर उघडतो. दप्तरात नोंद असली तर गेम आहे, नसली तर नाही, मग डिस्कवर ११८ जीबींचा हत्ती का उभा असेना.

हे दप्तर प्रत्यक्ष बघताही येतं, आणि ते एकदा तरी जरूर बघावं. स्टीम या लाँचरचं सगळ्यात सुटसुटीत. 'स्टीमॲप्स' नावाच्या फोल्डरात 'कॉमन' असतो, त्यात खरे गेम. आणि कॉमनच्या बाहेर, उंबऱ्यावर चपला काढून ठेवाव्यात तशा काही चिमुकल्या फाइली पडलेल्या असतात: 'ॲपमॅनिफेस्ट', पुढे गेमचा क्रमांक, शेवटी 'एसीएफ'. काउंटर-स्ट्राइकचा क्रमांक ७३०, डोटा २ चा ५७०. नोटपॅडमध्ये उघडली की आत साधा मजकूर निघतो: गेमचं नाव, तो कोणत्या फोल्डरात आहे, आणि 'स्टेटफ्लॅग्ज' म्हणून एक आकडा. तो ४ असेल तर गेम पुरता बसवलेला आहे. एवढ्या मोठ्या इस्टेटीचा हा सातबारा, आणि त्यात लिहिलेला तो चार! एपिकचं दप्तर निराळं. ते सी ड्राइव्हच्या 'प्रोग्रॅमडेटा'त असतं, आणि तो फोल्डर विंडोज मुळात लपवूनच ठेवतं. गेम कुठल्याही ड्राइव्हवर असो, नोंदीच्या फाइली मात्र सीवर. म्हणजे सी पुसला की कचेरी जळाली. शेत आपलं हिरवंगार उभं.

तलाठी गावात आला कधी, असं कोणी विचारेल. स्टीम २००३ च्या सप्टेंबरात आलं. पुढच्या वर्षी नोव्हेंबरात हाफ-लाइफ २ आला, तेव्हा दुकानातून डबी विकत आणलेल्यांनाही आधी स्टीमवर खातं उघडावं लागलं. तबकडी हातात, पैसे दिलेले, पावती खिशात, तरी नोंद करा. लोक तेव्हा पुष्कळ चिडले. आता आपण तबकडीच विसरलो, त्यामुळे चिडण्यासारखं काही उरलं नाही.

आता इलाज.

पहिला इलाज लाजिरवाणा आहे, म्हणून तो कोणी करत नाही: आपण योग्य खात्यातून आत शिरलो आहोत ना, ते बघावं. घरात दोन भावंडं आणि तीन ईमेल असतील तर धाकट्याचा गेम थोरल्याच्या खात्यात दिसणार नाही. त्यानंतर लाँचर बंद करावा. बंद म्हणजे कोपऱ्यातली फुली दाबणं नव्हे. फुली दाबली की तो खाली घड्याळाशेजारी जाऊन लपतो आणि सगळं ऐकत बसतो. तिथे जाऊन त्याला 'एक्झिट' म्हणावं, मग पुन्हा बोलवावं. कधीकधी एवढ्यानेही त्याला सगळं आठवतं.

दुसरा इलाज ड्राइव्हच्या अक्षराचा, आणि इथे थोडं थांबायला हवं, कारण निम्मी भांडणं इथलीच असतात. विंडोजमध्ये डिस्क नावाने नव्हे, अक्षराने ओळखतात. अक्षरं सीपासून सुरू होतात, कारण ए आणि बी या जागा फ्लॉपीला दिलेल्या होत्या. फ्लॉपी गेली, जागा अजून तिच्या नावावरच धरल्या जातात. असं आपल्याकडेच होतं अशी माझी समजूत होती. तर, विंडोज नव्याने टाकलं, किंवा ऐन वेळी एखादा पेनड्राइव्ह लावलेला राहिला, की कालचा डी आज ई होतो. माल तोच, जागा तीच, गट नंबर बदलला. लाँचरच्या दप्तरात मात्र डी. तो डीवर जातो, तिथे भलतंच कोणी राहत असतं, आणि तो परत येऊन सांगतो, गेम नाही. अशा वेळी विंडोजची कळ आणि एक्स एकत्र दाबून 'डिस्क मॅनेजमेंट' उघडावं, ड्राइव्हवर उजवं बटण दाबून अक्षर बदलावं. डी कोणी बळकावला असेल तर आधी त्याला दुसरं अक्षर देऊन बाहेर काढावं. सीच्या वाटेला जाऊ नये.

मी हे केलं. ई चा डी झाला. भाचा श्वास रोखून उभा होता. लाँचर उघडला. निळं बटण तसंच. अक्षर सुधारलं होतं, पण ज्या दप्तरात ते जुळायचं ते दप्तरच नवं कोरं होतं.

तिसरा इलाज सभ्य लाँचरांसाठी. काहींना नुसतं बोट दाखवलं तरी पुरतं. युबिसॉफ्ट कनेक्ट आणि बॅटल डॉट नेट यांच्यात गेम आधीच असेल तर कुठे आहे ते दाखवा, अशी सोय आहे. स्टीममध्ये सेटिंग्जमधल्या 'स्टोरेज'मध्ये जाऊन जुना ड्राइव्ह जोडला की उंबऱ्यावरच्या त्या फाइली वाचून ते गेम ओळखतं. गॉग गॅलक्सी फोल्डर दिला की आत जाऊन शोधतं. आणि नाहीच सापडलं तरी बिघडत नाही, कारण गॉगवरून घेतलेला गेम त्याच्या फाइलवर टिचकी मारली की थेट चालू होतो, कचेरीची गरज लागत नाही. मायक्रोसॉफ्टच्या 'विंडोजॲप्स' फोल्डरच्या नादी मात्र लागू नये. तुमच्याच संगणकातल्या त्या फोल्डरचा मालक ट्रस्टेडइन्स्टॉलर नावाचा कोणी असतो, आणि ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून गेलात तरी तो दार उघडत नाही.

चौथा इलाज सुधारता न येणाऱ्या लाँचरांसाठी. यात थोडी फसवाफसवी आहे, पण पाप लागत नाही. गेमच्या फोल्डरचं नाव बदलून पुढे '_जुना' असं जोडावं. मग लाँचरमध्ये जाऊन, छातीवर दगड ठेवून, निळं बटण दाबावं आणि तीच जुनी जागा सांगावी. तो खुशीत नवा फोल्डर करतो आणि दप्तरात नोंद घालतो. आपल्याला हवी ती हीच. एक-दोन टक्के उतरू द्यावं, मग थांबवावं, लाँचर पुरता बंद करावा. जुन्या फोल्डरातला सगळा माल उचलून नव्यात टाकावा. 'ही फाइल आधीच आहे, बदलू का?' असं विंडोजने विचारलं तर हो म्हणावं. आता लाँचर उघडून उतरवणं पुढे चालू करावं. तो एकेक फाइल तपासतो आणि त्याला आढळतं की ९७ टक्के काम झालेलंच आहे. कोणी केलं, कधी केलं, हे तो विचारत नाही. कागद जुळला की चौकशी संपली.

या खटाटोपात तीन गोष्टी टाळाव्यात. नव्या फोल्डरचं नाव आपल्या मनाने ठेवू नये. एक स्पेस इकडची तिकडे झाली तरी लाँचर दोन वेगळी शेतं धरतो. तपासणी ४० टक्क्यांवर अडकल्यासारखी दिसली तर घाबरून बंद करू नये. ११८ जीबी वाचायला जुन्या फिरत्या डिस्कला वेळ लागतो. आणि काहीही झालं तरी 'अनइन्स्टॉल करून बघू' म्हणू नये. नोंदच खोडायची होती असं नंतर कितीही सांगा, तो शेत नांगरून मोकळा होतो.

आमची तपासणी पाऊण तास चालली. तेवढ्या वेळात मी भाच्याला फेरफार म्हणजे काय, त्याच्या आजोबांनी एका नावातल्या वेलांटीसाठी किती खेटे घातले, हे सगळं सांगितलं. तो ऐकत होता. निदान टक्क्यांच्या पट्टीकडे बघत मान डोलावत होता. स्वयंपाकघरातून बहिणीने विचारलं, "सापडला का रे तो गेम?" मी म्हणालो, "सापडलेलाच होता गं. मंजूर व्हायचाय."

रात्री पावणेअकराला निळं बटण हिरवं झालं. 'प्ले'. भाच्याने मला मिठी मारली, जी मी वर्षभर पुरवून वापरणार होतो. संगीत सुरू झालं, डोंगर आले, घोडा आला. मग पडदा काळा झाला आणि मधोमध दोनच पर्याय उमटले: नवा खेळ, आणि बाहेर पडा.

"मामा, 'पुढे चालू' कुठेय?"

बरेच गेम स्वतः एका ड्राइव्हवर राहतात आणि खेळाडूची प्रगती भलतीकडे ठेवतात: सीवरच्या 'डॉक्युमेंट्स'मध्ये, नाहीतर 'ॲपडेटा'त. काहींची प्रत क्लाउडवर जाते. याची जात नव्हती. साठ तासांचा खेळ, दोन किल्ले आणि एक पाळीव लांडगा दुरुस्तीवाल्याच्या टेबलावर मंगळवारीच वारले होते.

"सीवर काही नाही, असं तूच सांगितलंस ना त्यांना?"

मी पाणी प्यायला उठलो. परत आलो तेव्हा त्याने नवा खेळ सुरू केला होता. पडद्यावर नायकाचं नाव विचारलं होतं. माझ्याकडे न बघता, एका बोटाने, त्याने टाइप केलं: तलाठी.