अणुबाँब ते देवदूत

१९५१ साली इजिप्तच्या सिनेमात एक सासू अणुबाँब झाली. चित्रपटाचं नावच मुळी 'माझी सासू अणुबाँब'. हिरोशिमाला जेमतेम सहा वर्षं झालेली, पण कैरोतल्या जावयांना त्यात अतिशयोक्ती वाटली नसावी. बाँब होत्या अभिनेत्री मारी मुनीब. मग १९५३ मध्ये 'मोहक सासवा' आला. तिथे समोर मिमी शकीबबाई, म्हणजे सासवांचा जोडीने हल्ला. आणि १९५९ साली थेट 'माझी सासू देवदूत'! आठ वर्षांत बाँबचा देवदूत. निःशस्त्रीकरणाच्या एकाही परिषदेला हे जमलेलं नाही.

गंमत म्हणजे 'अणुबाँब'च्या नावात सासू असली तरी मोठं नाव विनोदी नट इस्माईल यासीनचं. 'माझी' म्हणणारा जावई तो हिरो, आणि जिच्यामुळे सिनेमाला नाव मिळालं ती सहायक अभिनेत्री. आपल्याकडे सासू म्हटलं की सून डोळ्यांपुढे येते. ललिताबाई पवारांनी तशी सोयच करून ठेवलीय. तिकडे रडायची पाळी बऱ्याचदा जावयाची, म्हणून प्रेक्षक हसतो.

मारीबाई १९०५ सालच्या, जन्म दमास्कसचा, हयात गेली इजिप्तमध्ये. १९४६च्या 'लुअबत अल सित्त' या सिनेमात त्या नायिका तहिया कॅरिओकाच्या आई झाल्या, तेव्हा नुकती चाळिशी ओलांडली होती. हे मला फार शहाणपणाचं वाटतं. नायिकेला दर वर्षी वय लपवावं लागतं. यांनी ते आधीच उधळून टाकलं, मग काळ बिचारा काय हिरावून घेणार?

पण त्यांची खरी करामत बघावी ती नजीब अल रिहानींच्या नाटक मंडळीतली. 'इल्ला खम्सा' या नाटकात त्या तुर्की ढंगात अरबी बोलणाऱ्या मालकीणबाई आहेत. समोर नट आदिल खैरी, ड्रायव्हरच्या नोकरीसाठी आलाय. बाई विचारतात, काय काम करायला आलास? तो सांगतो, ड्रायव्हर. बाई ऐकतात, जरा दुसरंच काहीतरी बोलतात आणि पुन्हा विचारतात, काय काम करायला आलास? तो पुन्हा सांगतो. पुन्हा तोच प्रश्न, त्याच खानदानी रुबाबात, जणू पहिल्यांदाच सुचलाय. विनोद लिहिलेला असेल एका ओळीचा. पण दर खेपेला उत्तर नव्याने विसरायला मारीबाईच हव्यात. समोरच्या माणसाचा धीर सुटताना बघून आपण हसत राहतो.

त्याला ती नोकरी मिळाली की नाही, हे मात्र मला काही केल्या आठवत नाही.