चतकोर नटसम्राट

मांद्र्याच्या देवळातल्या उत्सवात ‘नटसम्राट’ झाले, त्याला आता पुष्कळ पावसाळे उलटले. बाकीच्या नटांनी त्याच रात्री खोबरेल लावून रंग पुसला. आबांच्या अंगावरून अप्पा बेलवलकर काही उतरले नाहीत. शिरवाडकरांचे हे नाटक 1970 मध्ये रंगभूमीवर आले आणि डॉ. श्रीराम लागूंनी ते गाजवले, हे आबांना मान्य आहे. फक्त ‘लागूंनी एकदा मांद्र्याला यायला हवं होतं,’ एवढे ते पुढे जोडतात.

चहात साखर कमी पडली की आबा पडवीच्या खांबाला टेकतात आणि शेजारच्या वाड्यावर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणतात, ‘माका कोण विचारता?’ बेलवलकरांनी होते नव्हते ते मुलांना देऊन टाकले आणि मग ते रस्त्यावर आले. आबांनी अजून एक माडसुद्धा कुणाच्या नावावर केलेला नाही. दुःख बेलवलकरांचे आणि जमिनीचा एक-चौदाचा उतारा स्वतःचा, अशी त्यांनी सोय करून घेतली आहे.

कुठलाही विषय शेवटी आबांपाशीच येतो. सुनेला ताप आला की हुडहुडी आबांना भरते. नातू वर्गात पहिला आला तर ‘रक्त कुणाचं?’ आणि गणितात आपटला तर दोष त्याच्या आजोळचा. चवथीला गणपतीवर माटोळी बांधायला थोरला शिडीवर चढतो. धाकटा खालून नारळ, सुपारीचे घोस, चिबूड, तोरिंजन पुरवतो. आबा खुर्चीत बसून ‘डावीकडे’ म्हणतात. पाहुण्यांनी माना वर करून कौतुक केले की नम्रपणे सांगतात, ‘यंदा म्हटलं, आपणच बांधू.’ पाहुण्यांशी आबा इतके लाघवी बोलतात, की जाताना ते मुलांना बजावून जातात, ‘असा बाप मिळायला भाग्य लागतं हो!’ मुले मान डोलावतात. दुसरे करणार काय?

तरी या भाग्याबरोबर राहायची रीत हळूहळू प्रत्येकाला सापडली आहे. थोरला आधी पुरावे द्यायचा. एकदा त्याने माटोळी बांधतानाचे फोटोच समोर ठेवले. त्यात आबा कुठेच नव्हते. ‘मला मुद्दाम वगळलं,’ म्हणून घरात पौर्णिमेपर्यंत अबोला चालला. तेव्हापासून थोरला ‘बरं’ म्हणतो आणि कामाला लागतो. म्हापशाला बँकेत असलेली लेक रोज फोन करून रोज रडायची. आता ती रविवारी सकाळीच फोन करते आणि दहा मिनिटांत म्हणते, ‘आबा, ठेवते, मासळी संपेल.’ मासळीच्या आड गोव्यात बापही येत नाही.

सगळ्यांत धीट निघाली ती सून. नातू बोलताना अडखळतो. आबांनी भर पाहुण्यांत त्याची नक्कल केली. ती एक शब्द बोलली नाही. मुलाला उठवून आत घेऊन गेली. मग थोरला उठला, मागोमाग आई उठली. पाहुणे घड्याळाकडे बघू लागले. ती नक्कल पुन्हा कधी झाली नाही. आबांना भांडणारा चालतो, तो तर नाटकाला लागतोच. रिकाम्या खुर्च्या मात्र सोसत नाहीत.

उरते ते ब्रह्मास्त्र: ‘एकेकाला बेदखल करीन!’ 2023 मध्ये मोपा विमानतळावरून विमाने उडू लागली, जमिनीला भाव आला आणि या वाक्याला भलतेच वजन आले. पण आबांचा जन्म चुकीच्या राज्यात झाला. पोर्तुगिजांचा नागरी कायदा इथे 1870 पासून लागू झाला. त्यातला वारशाचा भाग आता गोव्याच्या 2012 च्या कायद्यात आहे. लग्नाआधी वेगळा करार केला नसेल, तर मिळकतीतली निम्मी बायकोची. राहिलेल्या निम्म्यातला निम्मा हिस्सा मुलांचा, आणि तो मृत्युपत्राने हिरावून घेता येत नाही. त्यासाठी कायद्याने ठरवून दिलेली कारणे लागतात, आणि चहातली साखर त्या यादीत नाही. म्हणजे आबांची हुकमत चालते ती चतकोरावर. आईला हे लग्नापासून ठाऊक आहे. जमीन विकायची म्हटली तरी तिची सही लागते. आबा गरजू लागले की ती तांदूळ निवडता निवडता विचारते, ‘सही खंय करू?’

परवा नातीने मोबाईलवर काहीतरी शोधून काढले. स्वतःच्या थोरवीत बुडून दुसऱ्याचे मन न दिसण्याला मानसोपचारतज्ज्ञ ‘नार्सिसिस्टिक पर्सनॅलिटी डिसऑर्डर’ म्हणतात. अमेरिकी निदानग्रंथात हा विकार 1980 मध्ये आला. आज त्याची नऊ लक्षणे मोजतात. निदानाला त्यांतली निदान पाच तरी लागतात. माहेरपणाला आलेल्या लेकीने तिला दटावले, ‘हे डॉक्टरनं ठरवायचं असतं, पडवीत बसून नव्हे.’

आबांच्या कानावर फक्त आकडे गेले होते. ‘पाच?’ ते खुर्चीत सावरून बसले. ‘पाचावर पास होणारे दुसरे. माझी नऊच्या नऊ लिही.’