श्रीमान ‘८८ व्होल्ट’ यांस अनावृत पत्र

वेळापूर, ता. माळशिरस, जि. सोलापूर

उद्योगधुरंधर, कष्टकऱ्यांचे कैवारी, नकली बॅटरीचे कर्ते-करविते यांच्या सेवेशी,



आपले नाव आम्हाला ठाऊक नाही. ते आपण ड्रिलच्या बॅटरीच्या खोक्यावर छापले नाहीत, बिलावर असते म्हणावे तर बिलही दिले नाहीत. इतकी प्रसिद्धीपराङ्मुखता हल्ली पाहायला मिळत नाही. म्हणून खोक्यावर जे सर्वांत ठळक होते, ‘८८ व्होल्ट’, त्याच नावाने आपल्याला हाक मारण्याचे धाडस करतो.

प्रथम आपल्या गणिताला वंदन. लिथियम-आयन सेल साधारण ३.६ व्होल्टचा असतो आणि काठोकाठ भरला की ४.२ व्होल्टवर जातो. असे पाच सेल एकामागे एक जोडले की १८ व्होल्टचे पॅक तयार होते. पूर्ण भरल्यावर तेच २१ दाखवते. ८८ व्होल्टसाठी पूर्ण भरलेले सेल धरले तरी २१ नग लागतात. आम्ही आपले खोके उघडले तेव्हा आत पाच निघाले. उरलेले सोळा सेल आपण आमच्या श्रद्धेवर सोडलेत, हा केवढा विश्वास!

आपल्या संशोधनाचीही दखल घेतली पाहिजे. लिथियम-आयन बॅटरी १९९१ मध्ये सोनीने बाजारात आणली. तिचा पाया घालणाऱ्या गुडइनफ, व्हिटिंगहॅम आणि योशिनो या तिघांना २०१९ चे रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. १८ मिलिमीटर जाड आणि ६५ मिलिमीटर लांब अशा ‘१८६५०’ सेलमध्ये जगातल्या नामांकित कारखान्यांना आजही साडेतीन हजार एमएएचच्या आसपासच क्षमता बसवता येते. आपण त्याच आकाराच्या सेलवर ९९०० लिहून मोकळे झालात. स्टॉकहोमला आपली शिफारस करणार होतो, पण पत्ता कोणता द्यायचा?

आपल्या वस्तूंचा हलकेपणा तर वाखाणण्यासारखा. अस्सल १८६५० सेल ४५ ग्रॅमच्या आगेमागे भरतो. आपले काही नग किराणा दुकानाच्या काट्यावर ठेवले, तर काटा लाजला. पॅकवर आपण १५,००० एमएएच छापलेत. सेल एकामागे एक जोडले की व्होल्ट वाढतात, क्षमता मात्र एका सेलइतकीच राहते. म्हणजे १८ व्होल्टच्या पॅकमध्ये खरोखरच १५,००० बसवायचे तर किमान २५ सेल हवेत आणि नुसत्या सेलचेच वजन किलोच्या वर जाईल. आपले अख्खे पॅक, डबी आणि स्टिकर धरून, अर्धा किलोही नाही. सुताराच्या मनगटाची इतकी काळजी त्याच्या घरच्यांनीही कधी घेतली नसेल.

जुन्या लॅपटॉपमधून उपसलेल्या सेलना आपण नवे कातडे चढवता, त्याबद्दलही आभार. लॅपटॉपचा सेल सावकाश, थोडा थोडा करंट देण्यासाठी घडवलेला असतो. बाभळीच्या चौकटीत भोक पाडताना किंवा ग्राइंडरने लोखंड कापताना मशीन एकदम २० अँपिअर मागते. त्या मागणीसाठी वेगळे, जास्त करंटचे सेल येतात आणि त्यांना पैसे पडतात. आपले म्हातारे सेल लोड आला की तापतात आणि मान टाकतात. अंगावर घेतलेले काम अर्ध्यात थांबते, मजुरी बुडते आणि घरमालक बोल लावतो तो सुताराच्या हाताला. आपल्या स्टिकरला कोणीच काही म्हणत नाही.

आमच्या डाळिंबवाल्यांवर आपली विशेष कृपा आहे. तेल्या रोगाच्या भीतीने फवारणी चुकवता येत नाही, त्यामुळे पाठीवरचा बॅटरी पंप त्यांच्या रोजच्या वापरातला. तीन सेलचे लिथियम पॅक १२.६ व्होल्टला भरते आणि तिथेच थांबवावे लागते. आपण त्याच्यासोबत जुन्या शिसे-आम्लाच्या बॅटरीचा चार्जर दिलात, जो १४ व्होल्टच्याही वर जातो. म्हणजे एकेका सेलवर साडेचार व्होल्टहून अधिक! मध्ये अडवणारी बीएमएसची (बॅटरी व्यवस्थापन यंत्रणेची) पट्टीही आपण काटकसरीत वगळलीत. रात्री तो पंप घराच्या पडवीत चार्जिंगला असतो आणि पलीकडे मुले झोपलेली असतात. हे आपल्याला कोणी सांगितले नसेल, म्हणून कळवतो.

खोक्यातल्या उपदेशाच्या चिठ्ठीबद्दलही ऋणी आहोत. ‘पूर्ण उतरल्याशिवाय चार्ज करू नका’ हा सल्ला निकेल-कॅडमियमच्या जमान्यातला. लिथियमला ही सवय मारक. मशीनचा जोर कमी झाला की थांबावे, बॅटरी अर्धी उतरली असली तरी खुशाल चार्ज करावी, आणि हंगाम संपल्यावर निम्मी भरून सावलीत ठेवावी. रिकामी पडून राहिलेली बॅटरी आणखी खोल उतरते आणि आतून बिघडते. तिला वायरचा झटका देऊन ‘जिवंत’ करणारे आपले शिष्य गावोगावी आहेत. त्या पुनर्जन्मातून आग निघू शकते.

आमच्या उन्हाचा तर आपण किती विचार केलात! सोलापूर जिल्ह्यात मे महिन्यात पारा ४२ अंशांपलीकडे जातो आणि पत्र्याच्या शेडमध्ये त्याहून वर. लिथियम सेल ४५ अंशांच्या वर चार्ज करू नये, असे बहुतेक उत्पादक बजावतात. म्हणून चांगल्या पॅकमध्ये तापमान ओळखणारा छोटा भाग असतो आणि पॅक तापले असेल तर चार्जर सुरूच होत नाही. लोकांना वाटते, चार्जर बिघडला. आपला चार्जर मात्र कधीच नाही म्हणत नाही. आषाढात माउलींची पालखी आमच्या गावी मुक्कामाला येते तेव्हा मंडपवाल्यांच्या बॅटऱ्या कनातीला टेकून चार्ज होत असतील, तर त्यांत आपली एकही नसावी, एवढीच पांडुरंगाकडे प्रार्थना.

मेलेल्या बॅटरीचे काय करायचे, तेही आपण आमच्यावर सोपवलेत. २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी ती गोळा करून पुनर्वापराला पाठवण्याची जबाबदारी उत्पादकावर टाकली आहे. पण उत्पादकच निनावी, मग पाठवायची कोणाकडे? ती उकिरड्यावर जाते, कोणीतरी उकिरडा पेटवतो आणि धूर आमच्या नाकात जातो.

श्रीमान, आता स्तुती पुरे. ड्रिल आणि फवारणी पंप ही आमच्या माणसांच्या पोटापाण्याची साधने आहेत. ती त्यांनी उधार-उसनवारी करून घेतलेली असतात. त्यांना स्वस्त माल विका, हरकत नाही. १५०० एमएएचचा सेल असेल तर १५०० लिहा. आम्ही त्या हिशेबाने दाम देऊ आणि त्या हिशेबाने काम करू. खोटा आकडा लिहून आपण एका माणसाची दिवसाची मजुरी चोरता आणि त्याच्या घरात आगीची जोखीम ठेवून जाता.

यापुढे आमचा व्यवहार असा राहील. सेल आणि पॅकवर आयएस १६०४६ हा मानक क्रमांक आणि ‘आर-’ने सुरू होणारा नोंदणी क्रमांक पाहू, तो दुकानातच ‘बीआयएस केअर’ अ‍ॅपवर तपासू. पॅक काट्यावर ठेवू. चार्जरवरचे व्होल्ट पॅकशी जुळवू. पक्के बिल घेऊ. आणि फसलो तर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवू, शेजाऱ्यालाही नोंदवायला लावू.

आमच्या गावचा अर्धनारी नटेश्वर आपल्याला सुबुद्धी देवो. तोवर खोक्यावर आपले नाव आणि पत्ता छापण्याची कृपा करावी. पुढचे पत्र स्पीड पोस्टाने पाठवायचे आहे.

आपला,
वेळापूरचा एक ग्राहक