राजा येईपर्यंतची व्यवस्था

टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये जो तो अंगठीच्या मागे लागलेला. वाचकही तिच्यातच गुंततात, आणि कारभाराची आवड असलेल्या माणसाने खरं तर ज्याच्याकडे बघावं तो दागिना बाजूलाच राहतो. तो म्हणजे गोंडोरचा मुकुट. अंगठी घालणारा दिसेनासा होतो, ही तशी किरकोळ जादू. हा मुकुट कुणीच घालत नाही, आणि तेवढ्या भांडवलावर एक घराणं 969 वर्षं राज्य करतं.

मुकुट देखणा आहे यात वाद नाही. शिरस्त्राणाच्या घाटाचा, पांढराशुभ्र, दोन्ही अंगांना मोत्या-चांदीत घडवलेले समुद्रपक्ष्याचे पंख, पट्टीवर सात हिरे आणि माथ्यावरच्या रत्नाचा उजेड ज्योतीसारखा वर जाणारा. मूळ मुकुट मात्र एवढा थाटाचा नव्हता. इसिल्दुरने दागोरलादच्या लढाईत घातलेला साधा टोप, तोच पहिला मुकुट, असं सांगतात. त्याच्या जागी रत्नजडित मुकुट आला तो अतनातार अल्कारिनच्या काळात. गोंडोरमध्ये पोरं रत्नांनी खड्यांसारखी खेळतात, असं त्याच्या वैभवाबद्दल लोक म्हणत. वारशाने मिळालेली सत्ता टिकवण्यासाठी मात्र या राजेसाहेबांनी इकडची काडी तिकडे केली नाही, आणि राज्याची उतरण तिथूनच लागली. सुशोभीकरणाची कामं नेहमी अशाच मुहूर्तावर निघतात.

पुढे तिसऱ्या युगाच्या 2043 साली एआर्नुर गादीवर आला. राजा शूर आणि डोक्याने गरम. मिनास मोर्गुलच्या जादूगार राजाने त्याला द्वंद्वाचं आव्हान दिलं, तेव्हा कारभारी मार्दिलने कसंबसं आवरलं. 2050 मध्ये पुन्हा आव्हान आलं आणि या वेळी राजे निघाले. मुकुट ठेवला थडग्यातल्या वडिलांच्या मांडीवर. सोबत थोडे स्वार घेतले. त्यांतलं कुणीही परत आलं नाही.

आता इथे कायद्याचा पेच पडला. राजा मेला म्हणावं, तर मरताना कुणी पाहिलेला नाही. मृत्यूची नोंद नाही म्हणजे पद रिक्त नाही, आणि पद रिक्त नाही म्हणजे नवी नेमणूक नाही. शिवाय सर्वांना चालेल असा वारस सापडेना, आणि जुन्या भाऊबंदकीच्या युद्धाची धास्ती होतीच. तेव्हा राजाच्या नावाने मार्दिलने गाडा पुढे हाकला. माणूस भला होता, इतिहास त्याला चांगलंच म्हणतो, आणि मीही म्हणतो. फक्त एवढंच, की 2060 साली सुधारित पंचांग लागू झालं आणि त्याला नाव पडलं कारभाऱ्यांच्या कालगणनेचं. राजाला बाहेर जाऊन जेमतेम दहा वर्षं झाली होती.

त्यानंतर प्रत्येक कारभाऱ्याने पदभार घेताना शपथ घ्यायची, की राजा परत येईपर्यंत त्याच्या नावाने राज्य सांभाळीन. मार्दिलपासून देनेथोरपर्यंत असे 26 जण झाले. शपथ लवकरच सवयीची झाली. राजाचे सगळे अधिकार कारभारीच वापरू लागले. पण शिष्टाचार पाहावा तर असा! एकही जण सिंहासनावर बसला नाही. कुणी मुकुट घातला नाही, राजदंड धरला नाही. हातात एक पांढरी काठी, निशाण कोरं पांढरं, आणि बैठक कुठे, तर सिंहासनाच्या पायऱ्यांच्या तळाशी, काळ्या दगडाच्या साध्या खुर्चीत. साताऱ्याची गादी आणि पुण्याचा शनिवारवाडा माहीत असलेल्या मराठी वाचकाला ही व्यवस्था उलगडून सांगायला नको. फरक इतकाच, की वस्त्रं द्यायला साताऱ्यात छत्रपती तरी होते.

या खालच्या खुर्चीवर माझा फार जीव आहे. सिंहासनावरून माणसाला ओढून काढता येतं. त्यासाठी बंडं होतात, कट शिजतात. पण पायरीखाली बसलेल्याला उतरवणार कुठे? तो आधीच खाली आहे. तुम्ही जाब विचारायला जावं, तर तो अदबीने वरच्या रिकाम्या आसनाकडे हात करतो. देनेथोरचा थोरला मुलगा बोरोमिर लहानपणी वडिलांना विचारत असे, की राजा येत नसेल तर कारभाऱ्याने राजा व्हायला किती शे वर्षं लागतात? वडिलांचं उत्तर असं, की हलक्यासलक्या राज्यांत थोडीच वर्षं पुरतील, गोंडोरमध्ये दहा हजारही पुरणार नाहीत. बाप अभिमानाने बोलत होता. पोराला मात्र तो अन्याय वाटत होता, कारण खुर्ची आणि सत्ता यांतला फरक समजण्याचं त्याचं वय नव्हतं.

वारस अजिबातच नव्हते असंही नाही. इसिल्दुरच्या वंशातल्या, उत्तरेतल्या आर्वेदुईने 1944 मध्येच मुकुटावर रीतसर हक्क सांगितला होता. गोंडोरच्या मंडळाने उत्तर दिलं, की इसिल्दुरच्या शाखेचा इथे संबंध नाही. मंडळाचा सूत्रधार होता तेव्हाचा कारभारी पेलेन्दुर, आपल्या मार्दिलचा आजा. पुढे आर्वेदुईचाच वंशज आरागोर्न दारात येऊन उभा राहिला, तेव्हा देनेथोर काय म्हणाला? दावा सिद्ध झाला तरी हा माणूस शेवटी इसिल्दुरच्याच शाखेचा. हजार वर्षांत राजे संपले, शहरं पडली. फायलीवरचा शेरा शाबूत राहिला. देनेथोर मूर्ख नव्हता, उलट त्या दरबारात त्याच्याइतका धोरणी माणूस दुसरा नव्हता. त्याला हवं होतं ते फक्त 'जैसे थे'. ते मिळेना, तेव्हा त्याने पांढरी काठी गुडघ्यावर मोडली आणि स्वतःला जाळून घेतलं. राजा येईपर्यंतची शपथ घेतलेला माणूस राजा आल्यावर काय करील, याचा विचार शपथेच्या मसुद्यात नव्हता.

वाड्यासमोरच्या पांढऱ्या झाडाचंही तसंच. ते 2852 मध्ये वाळलं. नवं रोप मिळालं नाही, म्हणून वाळका बुंधाच राजा येईपर्यंत उभा ठेवला आणि त्यावर पहारेकरी नेमले. पहारा चोख होता. अखेर रोप सापडलं ते शहराच्या पाठीमागच्याच डोंगरावर. ते सात वर्षांचंही नव्हतं, त्यामुळे आधी शोधणाऱ्यांना दोष देता येत नाही. बुंध्याला दीडशे वर्षं सलामी देणाऱ्यांबद्दल मी काही बोलत नाही.

3019 सालच्या 1 मे रोजी एकदाचा आरागोर्नचा राज्याभिषेक झाला. देनेथोरचा धाकटा मुलगा फारामिर आता कारभारी. त्याने थडग्यातून मुकुट काढून आणला आणि शहराच्या दरवाजासमोर जमलेल्या लोकांना सरळ विचारलं, हा राजा व्हावा का? लोक एका आवाजात हो म्हणाले. आधीच्या 26 जणांपैकी कुणी लोकांना असलं काही विचारल्याची नोंद नाही. मुकुट फ्रोडोने हातात दिला, गॅन्डाल्फने डोक्यावर ठेवला, आणि तिकडे दवाखान्यातली म्हातारी आयोरेथ गावाकडून आलेल्या नातलग बाईला कोण कोण आहे ते सांगत होती, बरंचसं चुकीचं.

त्याआधी फारामिरने गुडघे टेकून काठी परत केली होती आणि पद सोडण्याची परवानगी मागितली होती. नव्या राजाने काठी घेतली, लगेच त्याच्याच हातात परत दिली, आणि कारभारीपद वंशपरंपरेने त्याच्या घराण्याकडेच कायम केलं.